आबा गेले की मासे बंद

खातूकाकांचं नाव आधी घेतो, काय घडलं ते मग सांगतो. दोन हजार आठच्या शेवटी दुबईतल्या क्रेन जागच्या जागी थांबल्या, आमच्या कामगार-कॅम्पातली माणसं भराभर घरी जायला लागली, आणि तरीही नववीतून शाळा सोडलेला, हाताला धड कुठलंच कसब नसलेला मी इथे टिकलो. त्यात माझं कर्तृत्व काही नाही. ते सगळं खातूकाकांचं. नारायण शिवराम खातू, गाव गुहागरजवळ, हुद्दा स्टोअरकीपर, मुक्काम शारजा, इंडस्ट्रियल एरियातल्या आमच्या कॅम्पाची तळमजल्यावरची खोली.

पण या माणसाची आणि माझी ओळख झाली ती सुतकात.

कॅम्पात येऊन मला थोडेच दिवस झाले होते. शुक्रवार होता, सुट्टीचा दिवस. खोलीत सुरमईचं कालवण झालं होतं आणि खातूकाका त्याच्याकडे पाठ करून नुसता वरणभात खात होते. डोळे लाल. मी घाबरत विचारलं, काका, बरं नाही का? तर म्हणाले, "आज आबा गेले."

मी ताटावरून उठलो. हात धुतले. शेजारच्या खोल्यांमधून कळवून आलो. आपल्याकडची माणसं एकेक करून आली, पलंगाच्या कडेला टेकली, वय काय होतं, आजारी होते का, असं हळू आवाजात विचारायला लागली. खातूकाका प्रत्येकाला नीट उत्तर देत होते. खोकला होता. मुलगा वेळेवर पोचला नाही. एका सुताराने तर तिकिटाचं कसं करायचं म्हणून विषय काढला. तेव्हा वरच्या पलंगावर पडलेला आमचा ड्रायव्हर बलविंदर कूस बदलून म्हणाला, "अरे बैठो यार. वो तो पिछले महीने भी मरा था."

आबा म्हणजे एक जपानी नट. जुन्या, बहुतेक काळ्यापांढऱ्या पिक्चरमधला, महायुद्ध संपल्यानंतरच्या काळातला. हिरो नव्हे, व्हिलनही नव्हे. हिरोला चहा आणून देणारा, व्हिलनसाठी दार उघडणारा, गर्दीत दोन पावलं मागे उभा असणारा. खातूकाकांकडे या पिक्चरांच्या व्हिडिओ कॅसेटींची ट्रंक होती आणि त्या लावायला एक जपानी व्हीसीआर. तरुणपणी ते खोर फक्कानला होते. तिथे बंदराजवळ एका जपानी कंपनीचं काम चालू होतं आणि खातूकाका तिच्या मेसमध्ये भांडी घासायला होते. काम संपलं, इंजिनियर लोक आपल्या देशी गेले, जाताना हे सगळं कचऱ्याच्या डब्याशेजारी ठेवून गेले. खातूकाकांनी ते उचललं. पुढे नोकऱ्या बदलल्या, कॅम्प बदलले, ट्रंक सुटली नाही.

कॅसेटींवर हाताने लिहिलेलं जपानीत, पिक्चरमधलं बोलणं जपानीत, सुरुवातीची नावांची पाटी जपानीत. त्यामुळे या माणसाला इतकी वर्षं बघूनही त्याचं नाव काय ते खातूकाकांना माहीत नव्हतं. म्हणून आबा. आणि ज्या पिक्चरमध्ये आबा मरतात तो लावला, की त्या दिवशी मासे बंद.

तो का लावायचा मग, असं मी एकदा विचारलं. म्हणाले, "माणूस मरतो म्हणून त्याला भेटायला जायचं सोडतोस का?"

शुक्रवारी दुपारी खोलीत खेळ असे. टीव्ही ट्रंकेवर, खातूकाका टीव्हीशेजारी उभे, रिमोट त्यांच्या हातात. भाषा कुणालाच कळत नसल्यामुळे ते चित्राबरोबर गोष्ट सांगत जायचे, अर्धी मराठीत, अर्धी हिंदीत. पण गोष्ट आबांची. हिरो पडद्यावर आला की फॉरवर्ड. हिरोईन रडायला लागली की फॉरवर्ड. दोन तलवारवाले समोरासमोर ठाकले, खोलीतली सगळी माणसं सरसावून बसली, की हमखास फॉरवर्ड.

"खातूसाब, लड़ाई तो देखने दो," बलविंदर कळवळायचा.

"लढाईत काय बघायचंय? एक पडणार, एक उभा राहणार. तो मागे बघ. कंदील धरून उभा आहे ना, त्याचा हात बघ. समोर एवढी कापाकापी चाललीय, कंदील हलला? याला म्हणतात काम."

आणि खरंच, एकदा त्या कंदिलाकडे लक्ष गेलं की परत तलवारीकडे जात नसे.

कॅसेटी त्यांनी आबांच्या वयाप्रमाणे लावल्या होत्या. सगळ्यात पहिल्या कॅसेटीत आबा डोलीचे भोई होते. चेहरा दिसतच नाही, नुसत्या पोटऱ्या दिसतात. खातूकाका पोटऱ्यांवरून ओळखायचे. मग आबा शिपाई झाले, धावत येऊन निरोप सांगणार तोच बाण लागून पडणारे. म्हणजे तोंड उघडलं, पण शब्द नाही. त्यानंतर शहरातले पिक्चर, पडकी घरं, रेशनच्या रांगा, त्यात आबा हवालदार. आणि एका पिक्चरमध्ये, खानावळीच्या दारात उभं राहून, आबांना वाक्य मिळालं. सलग, पूर्ण वाक्य. ती कॅसेट ज्या शुक्रवारी लागायची, त्या शुक्रवारी खातूकाका सगळ्या खोलीला जिलेबी आणायचे. बलविंदर म्हणायचा, तनखा बढ़ी क्या आबा की. पुढे आबा दुकानदार झाले, हेडक्लार्क झाले, रंगीत पिक्चरमध्ये तर मुलीचे वडील झाले आणि हिरोच्या बरोबरीने जेवायला बसले. खातूकाका हे असं सांगायचे की घरातल्याच कुणाची बढती होत होत गेली आहे असं वाटावं. "शेवटपर्यंत पोस्टरवर नाही आला हो माणूस," ते म्हणायचे, "पण शेवटपर्यंत घरी बसला नाही. हिरो बदलले. आबा आहेच."

या आबांनीच मला वाचवलं. म्हणजे आबांनी खातूकाकांना शिकवलं आणि खातूकाकांनी मला.

आमची कंपनी ऑफिसं आतून सजवून द्यायची. छत, पार्टिशन, रंग. मंदी आली तशी कामं अर्ध्यावर थांबली आणि फादीसाहेब हातात कागद घेऊन फेऱ्या मारायला लागले. हे आमचे प्रोजेक्ट मॅनेजर, लेबनॉनचे, मनाने वाईट नव्हते, पण कागदावर ज्याच्या नावापुढे फुली तो खलास. मोठे मोठे साहेब आधी गेले, ज्यांच्या गाड्या बघून आम्ही बाजूला व्हायचो ते. मी छताच्या पत्र्यांचा हेल्पर. छतं बंद, मी बिनकामाचा. रात्रंदिवस नखं खायचो. गावी लांज्याला बायको, नुकतंच झालेलं मूल.

खातूकाकांनी मला स्टोअरच्या दारात नेऊन उभं केलं. म्हणाले, दत्ता, उभं कसं राहायचं ते शीक. दाराच्या मधोमध नाही, तिथे हिरो उभा राहतो, त्याला सगळ्यात आधी कापतात. अगदी कोपऱ्यातही नाही, तिथला दिसत नाही. अर्धा खांदा चौकटीत, अर्धा बाहेर. नजर साहेबाकडे नाही, कामाकडे. आणि सगळ्यात मुख्य ते त्यांनी दोनदा सांगितलं.

"हातात वस्तू पाहिजे. आबा कधी रिकाम्या हाताने दिसलाय तुला? कंदील, ट्रे, छत्री, काही ना काही असतंच. रिकाम्या हाताचा माणूस साहेबाच्या डोळ्याला टोचतो."

पहिल्या फेरीला माझ्या हातात लेव्हलपट्टी होती. फादीसाहेबांनी विचारलं, हा कोण? खातूकाका रजिस्टरमधून मान वर न करता म्हणाले, "सर, लेव्हल मॅन." पुढच्या फेरीला मी शिडी धरून उभा होतो. शिडीवर कुणी नव्हतं. फादीसाहेबांनी वर बघितलं, माझ्याकडे बघितलं, पुढे गेले. त्याच्या पुढच्या फेरीला माझ्या हातात रिकामा डबा होता आणि फादीसाहेब आपणहून म्हणाले, हबीबी, स्टोअरला हा एक माणूस पुरे. खातूकाकांचं म्हणणं, एकच माणूस चौकटीत दोन-तीनदा दिसला की बघणाऱ्याला तो पहिल्यापासून तिथलाच वाटायला लागतो. माझा व्हिसा राहिला. त्या दिवशी मी खातूकाकांच्या पाया पडायला वाकलो तर म्हणाले, "माझ्या कुठे, आबाच्या पड." आणि खरंच टीव्ही लावला.

मला वाचवलं, पण त्यांची स्वतःची वेळ भरत आली होती. पुढच्या वर्षी त्यांना साठ वर्षं पूर्ण होत होती आणि साठीनंतर व्हिसा नव्याने करायचा नाही असं ऑफिसने ठरवलं होतं. रमजान ईद झाली की खातूकाका कायमचे गुहागरला. त्याचं त्यांना फार वाटत नव्हतं. एकाच गोष्टीची हुरहूर होती. आबांचं नाव.

"इतकी ओळख, आणि नाव विचारलं नाही," ते म्हणायचे. "किती उद्धटपणा दिसतो. जायच्या आधी नाव कळलं पाहिजे. तिकडे गुहागरात मला कोण जपानी भेटणार आहे?"

त्यांनी प्रयत्न कमी केले नव्हते. एकदा दुबईच्या सोन्याच्या बाजारात जपानी पर्यटकांपुढे त्यांनी कॅसेट धरली. त्यातल्या एका बाईंनी वरचं पिक्चरचं नाव वाचलं, आनंदाने टाळी वाजवली आणि हिरोचं नाव सांगितलं. खातूकाका म्हणाले, नो नो, नॉट हिरो. मग त्यांनी हिरोईनचं सांगितलं. मी म्हटलं, काका, इंटरनेटवर बघू. कॅफेत गेलो, तासाला तीन दिरहम, म्हणजे जवळजवळ चाळीस रुपये. तिथल्या पोराने विचारलं, काय टाकू? खातूकाका म्हणाले, टाक, जपानचा म्हातारा, चहा आणतो. चित्रं आली ती चहाच्या किटल्यांची.

आणि मग नेमकं त्या उन्हाळ्यात आम्हाला जुमेरा लेक टॉवर्समध्ये एक काम मिळालं. एका जपानी कंपनीचं ऑफिस. त्या वेळी आमच्याकडे तेवढं एकच धड काम होतं, म्हणून फादीसाहेबांनी सगळ्यांना तंबी दिली: क्लायंटशी कुणी एक शब्द बोलायचा नाही. क्लायंटचे माणूस ओगुरासाहेब. केस पांढरे, चेहरा इस्त्री केलेला. पार्टिशनच्या जोडावरून बोट फिरवायचे, बोटाकडे बघायचे आणि काही न बोलता पुढे जायचे. फादीसाहेबांना त्या न बोलण्याचीच धास्ती.

माल द्यायच्या निमित्ताने खातूकाका रोज तिथे जायला लागले. स्टोअरकीपरचं ते काम नव्हतंच. शारजाहून त्या ट्रॅफिकमध्ये बलविंदरच्या शेजारी बसून जायचे, ओगुरासाहेबांना लांबून बघायचे आणि परत यायचे. मी विचारायचो, विचारलंत? म्हणायचे, उद्या. असा अर्धा रमजान गेला. मला दोन्हीकडून भीती. त्यांनी विचारलं आणि साहेब चिडले तर काम जाईल. नाही विचारलं तर हे तसेच घरी जातील.

शेवटी काम ताब्यात द्यायचा दिवस आला. ओगुरासाहेब, फादीसाहेब, मी शिडी धरून, या वेळी शिडीवर खरंच माणूस होता. ओगुरासाहेबांनी शेवटच्या पार्टिशनवरून बोट फिरवलं, मान हलवली आणि निघाले. तेवढ्यात खातूकाका पुढे झाले. मी बघितलं तर ते दाराच्या बरोबर मधोमध उभे. आणि हात रिकामे.

"सर," ते म्हणाले, "वन मिनिट. वन मॅन नेम आय वॉन्ट."

फादीसाहेबांचा चेहरा उतरला. ओगुरासाहेब थांबले. खातूकाकांनी शर्टात खुपसलेली कॅसेट काढून पुढे केली. ओगुरासाहेबांनी वाचलं, किंचित आश्चर्याने हिरोचं नाव सांगितलं.

"नॉट हिरो, सर," खातूकाका म्हणाले, आणि त्यांनी सेफ्टी शूज काढले.

पुढचं मी शिडी सोडून बघितलं, वरचा माणूस ओरडेपर्यंत. खातूकाका त्या नव्या कार्पेटवर गुडघे टेकून बसले. समोर दार नव्हतं, पण त्यांनी दार सरकवलं. आधी चार बोटांएवढं, मग थांबून, आत कुणी बोलत नाही ना याचा अंदाज घेऊन, उरलेलं. शेजारी पडलेली नमुन्याची सिमेंटची फरशी ट्रेसारखी धरली. चहा ठेवला. ठेवताना उजवा तळवा गुडघ्याला पुसला. खोकला आला तो खांद्यात दाबला. मग पाठ न दाखवता गुडघ्यांवरच मागे सरकत गेले आणि दार लावायच्या आधी एकच क्षण, समोर बसलेल्या, नसलेल्या माणसाकडे बघितलं. पोराने चहा घेतला का, एवढंच बघणारी नजर.

मला वाटलं, गेलं काम.

ओगुरासाहेबांनी चष्मा काढला. त्यांच्या तोंडून आवाज आला तो लहान मुलाला जत्रेत ओळखीचं माणूस दिसावं तसा.

"हिरानुमा," ते म्हणाले. "हिरानुमा तोकुजी."

मग त्यांनी स्वतः तळवा गुडघ्याला पुसून दाखवला, आणि दोघे एकदम हसायला लागले. इस्त्रीची घडी पार मोडली. पुढचा पाऊण तास जुमेरा लेक टॉवर्समधलं ते ऑफिस ताब्यात द्यायचं राहिलं आणि दोन म्हातारे कार्पेटवर बसून एकमेकांना आबा करून दाखवत राहिले. ओगुरासाहेबांच्या आईला हा नट फार आवडायचा. त्याचं नाव पाटीवर शेवटी यायचं, म्हणून ती पाटी संपेपर्यंत कुणाला बोलू द्यायची नाही. महायुद्धातून परत आला तेव्हा या नटाकडे काम नव्हतं. स्टुडिओत सामान उचलायला लागला, एक दिवस डोलीला माणूस कमी पडला म्हणून त्याला उभं केलं. पोटऱ्यांचं खरं निघालं, खातूकाकांनी माझ्याकडे विजयाने बघितलं. ओगुरासाहेब म्हणाले, आमच्याकडे पूर्वी मूकपटाच्या शेजारी उभं राहून गोष्ट सांगणारी माणसं असत, तुम्ही त्यांच्यातले दिसता. मग त्यांनी खानावळीच्या दारातल्या त्या पहिल्या वाक्याचा अर्थ सांगितला. खातूकाका इतकी वर्षं आम्हाला सांगत आले होते की आबा तिथे म्हणतात, ज्याला कुणी नाही त्याला माझं दार उघडं आहे. खरं वाक्य होतं, आंघोळीचं पाणी तापलंय.

खातूकाकांनी विचार केला. "ते तुमच्या भाषेत," ते म्हणाले.

मग ओगुरासाहेबांनी विचारलं, एवढे मोठे मोठे नट असताना हाच का? खातूकाका शूज घालत होते. नाडी बांधता बांधता, खाली बघतच बोलले.

"खोर फक्कान, सर. माय फादर डाय. आय हियर, नो लीव्ह. सेम वीक, युवर पीपल पुट पिक्चर इन मेस. धिस मॅन डाय. सन कम लेट. आय वॉश प्लेट अँड सी." नाडीची गाठ त्यांनी दोनदा मारली. "सो आय गिव्ह शोल्डर टु धिस मॅन."

त्यातला खांद्याचा अर्थ ओगुरासाहेबांना कळला की नाही कोण जाणे. मला कळला. गुहागरात त्यांच्या वडिलांना, शिवराम खातूंना, घरात आबा म्हणत, हे मला नंतर काकूंकडून समजलं. ओगुरासाहेब उठले, आणि आमच्या स्टोअरकीपरपुढे कमरेतून वाकले. फादीसाहेबांनी आयुष्यात पहिल्यांदा क्लायंटला वाकलेलं बघितलं असेल. काय करावं न सुचून तेही वाकले.

हिरानुमा तोकुजी जाऊन बरीच वर्षं झाली, हेही ओगुरासाहेबांनी सांगितलं. समुद्राकाठचं एक लहान गाव आहे, तिथे त्यांच्या समाधीचा दगड आहे.

कॅम्पात त्या दिवशी नेमकी सुरमई होती. मी खातूकाकांसाठी वरणभात काढून ठेवला. त्यांनी हात धुतले, ताट ओढलं, आणि सुरमईचा मोठा तुकडा वाढून घेतला.

"काका, पण आबा..."

"खातो रे. बरीच वर्षं झाली म्हणाला ना तो? म्हणजे तिकडे गेला तरी इकडे आपल्याकडे दर शुक्रवारी चहा आणत होता. जिलेबी खाल्लीस ना त्याच्या बढतीची? हा माणूस मेलेला आहे होय?" आणि काटा काढत म्हणाले, "नाव छान आहे. पण घरात आपण आबाच म्हणायचं."

ईदनंतर खातूकाका गेले. विमानतळावर ट्रंक वजनात बसेना तर त्यांनी सामानातले कपडे काढून मला दिले आणि कॅसेटी नेल्या. आता स्टोअर मी बघतो. नवा हेल्पर आला की त्याच्या हातात आधी काहीतरी देतो.

गुडघे दुखतात म्हणून खातूकाका आता जमिनीवर बसत नाहीत, फोनवर सांगतात. पण एक दिवस मी त्यांना जपानला नेणार आहे. ओगुरासाहेबांनी त्या गावाचं नाव मला लिहून दिलंय. खातूकाका त्या दगडासमोर मधोमध उभे राहतील, आबांना पूर्ण नावाने हाक मारतील, आणि मी दोन पावलं मागे, अर्धा खांदा बाहेर ठेवून उभा असेन. चहाचा थर्मास माझ्या हातात असेल. रिकाम्या हाताने मी येणार नाही, काका.